रोझाआजींच्या बाबांचं नाव

रोझाआजी बोलणाऱ्याच्या डोळ्यांकडे नाही, ओठांकडे बघायच्या. ओहायोतल्या डब्लिनला आम्ही घर घेतलं तेव्हा शेजारच्या या नव्वदीच्या इटालियन बाई अशा टक लावून का बघतात, म्हणून मी दोन दिवस आरशात मिशी तपासत होतो! मग कळलं, त्यांना ऐकूच येत नाही.

त्यांचे वडील इटलीत मूकपटांतले नट. सात सिनेमे, सगळ्यांत दुय्यम. नायकाचा मित्र नाहीतर नायिकेचा भाऊ. बोलपट आले आणि बोलताना अडखळणाऱ्या या माणसाचं काम गेलं ते गेलंच. ओहायोत येऊन त्यांनी जन्मभर लोकांच्या दाढ्या केल्या. आता एकाच सिनेमाची दहा मिनिटं उरली आहेत, एका म्युझियमच्या वेबसाइटवर. खाली लिहिलंय, 'नट : अज्ञात'.

आजी ती मला लावून दाखवायच्या. पडद्यावर पाटी यायची, 'तुझ्यासाठी प्राण देईन!' आणि आजी खो खो हसायच्या. "पाटीवर जाऊ नकोस, ओठ बघ. बाबा म्हणतायत, लुचिया, बूट चावतोय गं!" लुचिया म्हणजे आजींची आई. तेव्हा ती सेटवर कपडे शिवायची.

"तिथे बाबांचं नाव घाल रे. मग मी मोकळी." आजींचं तेवढंच मागणं होतं. नातेवाइकाने ओळख पटवल्याचा व्हिडिओ म्युझियमला हवा होता. मी सॉफ्टवेअरवाला, अर्ध्या तासाचं काम! पण कधी ऑफिसातलं रिलीज, कधी नागपूरची ट्रिप. सवयीने मराठीतच पुटपुटायचो, "बघतो." माझ्या ओठांवर सारखा दिसणारा हा शब्द काय, असं त्यांनी आमच्या लेकीला, सईला विचारलं. ती इथेच जन्मलेली. सरळ म्हणाली, "ही इज वॉचिंग इट, आजी." झालं! आजी भेटेल त्याला सांगायला लागल्या, "माझा शेजारी बाबांचा सिनेमा रोज बघतो." मी एकदाही त्यांची चूक दुरुस्त केली नाही.

अशी दोन वर्षं गेली. सप्टेंबरात आजी गेल्या. त्याच दिवशी मी म्युझियमला लिहिलं, आहे की नाही कमाल! नातेवाइकाशिवाय नाव घालता येणार नाही, असं त्यांनी नम्रपणे कळवलं. आजींच्या मागे कोणीच नाही.

शेवटच्या आठवड्यात त्या हॉस्पिटलमध्ये होत्या, चांगल्या शुद्धीवर, बोलत होत्या. माझ्या फोनवर व्हिडिओ सहज झाला असता. मी घरी बसून इथल्या मराठी मंडळाला ईमेल ठोकत होतो, एकापाठोपाठ एक तीन. गणपतीच्या स्मरणिकेत आभारांच्या यादीतून माझं नाव राहून गेलं होतं.