चिखलावरून लावलेला सामना

लोरेटा क्लिमेकच्या अंगाला व्हिनेगरचा वास येतो, अशी तिच्या नवऱ्याची कायमची तक्रार. जुनी फिल्म कुजायला लागली की तसा आंबट वास सुटतो, आणि लोरेटाचा दिवस क्लीव्हलंडमधल्या एका तळघरात, एका व्यावसायिक अमेरिकन फुटबॉल क्लबच्या जुन्या रिळांच्या संगतीत जायचा. त्याआधी ती लग्नांच्या फिल्मा जोडायची. "तिथे निदान नवरीचे कपडे शेवटपर्यंत पांढरे राहायचे," ती म्हणे.

फुटबॉलच्या प्रशिक्षकांची रीतच निराळी. सामना झाला की ते फिल्म कापायचे. चढाईचे डाव एका रिळावर, बचावाचे दुसऱ्यावर, किकचे तिसऱ्यावर. शिकवायला सोयीचं, पण अखंड सामना कुठेच उरायचा नाही. तो पुन्हा जुळवायचा, हे लोरेटाचं काम.

त्या हिवाळ्यात एमेट डुडेक तिच्याकडे येऊन बसू लागले. तरुणपणी याच क्लबकडून खेळलेले, आता नजर झपाट्याने चाललेली. एका पावसाळी सामन्यात अगदी शेवटी समोरच्यांनी गुणांसाठी मारलेली किक त्यांनी छातीवर अडवली आणि सामना वाचवला. पेपरात मात्र नाव दुसऱ्याचंच छापून आलं. दिसतंय तोवर ती किक एकदा बघायची, एवढंच त्यांचं मागणं होतं.

गुणफलक फिल्मवर नव्हता. मग लोरेटाने चिखलावरून क्रम लावला: कोरे शर्ट आधी, बरबटलेले नंतर. सामना संपला तरी शेवटी किक आली नाही.

"अडवलेली किक एकच आहे," ती म्हणाली, "आणि ती सुरुवातीलाच. शर्ट बघा, कोरा आहे."

"म्हणजे जन्मभर मी मुलाला थापाच मारल्या म्हणायच्या." एमेटनी कोट चढवला.

"असं मी म्हटलं का? बसा जरा."

तिने तो तुकडा भिंगाखाली धरला. शर्ट स्वच्छ होता, पण विजार कमरेपर्यंत चिखलाने माखलेली.

"एमेट, मध्यंतरात तुम्ही कपडे बदलायचात?"

"शर्ट तेवढे. विजार एकच मिळायची. त्या दिवशी पुढे पाऊस थांबला, चिखल गोठून दगड झाला, नवे शर्ट मळलेच नाहीत."

"मग हे आधी नाही का सांगायचं?"

"तू विचारलंस कुठे, पोरी? एवढी लग्नं जोडलीस, म्हटलं कपड्यांचं तुला कळत असेल."

लोरेटा हसली. कोरे शर्ट आणि मळक्या विजारी असलेले सगळे तुकडे तिने सोडवले आणि मध्यंतरानंतर नव्याने सांधले. काम आठवडाभर चाललं. एमेट रोज डबा घेऊन हजर. डब्यात बटाट्याचे पियरोगी, म्हणजे उकडलेल्या पोलिश करंज्या, दोघांपुरत्या.

अखेर सामना लागला तेव्हा ते पडद्याला नाक लावून बसले. शेवटचा डाव आला. चेंडू उडाला, एक धिप्पाड पोरगा हात पसरून आडवा झेपावला आणि चेंडू त्याच्या छातीवर आदळून खाली पडला. शर्ट कोरा होता म्हणूनच त्यावरचा आकडा स्वच्छ दिसला. एकाहत्तर. एमेटचाच.



"केवढा हळू पळतोय गाढव," एमेट म्हणाले. "पुन्हा लाव. आणि उद्या मुलाला घेऊन येतो. आता त्यालाही बघू दे."