आस्गरने केलेली कपाटाची दारं

डेन्मार्कमधल्या फोबोर गावात आस्गर थोरुपला लाकडातलं काही विचारायची सोय नव्हती. तासभर सुटका नसे. चाळीस वर्षं त्याने सुतारकाम केलं, त्यातली निम्मी इतरांनी घासून वाट लावलेलं व्हिनियर निस्तरण्यात गेली. “वरचा सागाचा पापुद्रा नखाएवढाही जाड नाही, बाबांनो. मशीन लावाल तर खालचा भुसा दिसेल,” हे तो लग्नाच्या जेवणातही ऐकवायचा.

आता त्याला बायकोचं, इंगर-लिसचं नावही कधीकधी आठवत नसे. मुलगी माइकेन म्हणे, बाबाला वृद्धाश्रमात ठेवू. इंगर-लिसचा जीव धजत नव्हता. शेवटी मायलेकींचं ठरलं: स्वयंपाकघरातल्या कपाटाची जुनी दारं त्याला घासून, तेल लावून नवी करू द्यायची. सगळं नीट जमलं, तर तो घरीच राहील.

शनिवारी सकाळी त्याने दारं उतरवली. साबणाच्या पाण्याने आदल्या दिवशीच पुसून वाळवली होती. पेन्सिलीने तिरप्या रेघा ओढून तो बारीक काचकागदाने, हातानेच, लाकडाच्या रेषांबरोबर घासत गेला. रेघा पुसल्या की थांबायचं. तो थांबला. कडांना तर हातही लावला नाही, कारण पापुद्रा आधी तिथेच उडतो. मग जवसाचं तेल चोळलं. दारं अशी उजळली की इंगर-लिस रडायलाच लागली.

“बघितलंस?”

“बघितलं गं, आई. हरले मी,” माइकेन म्हणाली, आणि तिलाही बरंच वाटलं.

चारच्या कॉफीला जळका वास आला. जिन्याखालच्या टोपलीत तेलाची फडकी बोळा करून कोंबलेली होती, आणि बोळा आतून धुमसत होता. अशी फडकी आपसूक पेटतात, ती उलगडून बाहेर दोरीवर टाकायची, हे आस्गरनेच अर्ध्या गावाला शिकवलं होतं.

माइकेनने टोपली अंगणात नेऊन पाणी ओतलं.

“आजचं सोडून दे ना,” इंगर-लिस पुटपुटली.

तेवढ्यात आस्गर आला. टोपलीत डोकावला आणि भडकला.

“कुणी केलं हे?”

माइकेनने आईकडे पाहिलं.

“झोपेत घर पेटलं असतं. ही बाई जळून मेली असती,” तो इंगर-लिसकडे बोट दाखवून म्हणाला. “असला माणूस घरात ठेवायचा नाही. आजच काढा त्याला.”

इंगर-लिसने त्याचे तेलकट हात आपल्या एप्रनला पुसले.

“मनाने फार चांगला आहे रे तो.”

“असेल,” आस्गर म्हणाला. “तरी काढा.”