बिजागरीचं ड्रॉइंग

मुरबाडच्या आमच्या फॅब्रिकेटरना वाशिंदच्या कारखान्याचं काम मीच मिळवून दिलं. अट एकच होती. सोमवारी बारापर्यंत बिजागरीचं ड्रॉइंग कॉम्प्युटरवर काढून पाठवायचं, नाहीतर काम दुसऱ्याला जाणार. मी चार सॉफ्टवेअरांची यादी करून दिली, प्रत्येकापुढे फायदे-तोटे लिहिले. ते रोज एक उघडायचे आणि नकारार्थी मान हलवायचे.

"ताई, याला सूत कळत नाय."

इंचाचा आठवा भाग म्हणजे सूत. मिलिमीटर ते मोजतच नाहीत.

"अहो, तुम्ही त्याचं शिका. ते तुमचं शिकणार नाही!"

"बघतो ना," म्हणत ते खडूने फरशीवर बिजागरी काढायचे.

रविवारी एकदाचं ड्रॉइंग झालं. सोमवारी अकराला मी त्यांच्याकडे गेले, तर ते ड्रॉइंगचा छापील कागद पुठ्ठ्यावर चिकटवून कातरत होते. पुठ्ठ्याची बिजागरी त्यांनी नमुन्याच्या दाराला लावून पाहिली आणि सरळ फाडली.

"दार घासंल. परत काढतो."

"पाठवून द्या हो! एवढं कोण बघतंय?"

"दार बघंल ना, ताई."

पावणेबारा वाजले तरी ते एका बोटाने आकडे टाकत होते. मी चरफडत बाहेर आले आणि वाशिंदला फोन करून एक दिवस मागून घेतला.