जुन्या लाँचरवाले

अंबडला कोर्टासमोर ऑनलाइन अर्ज भरून देणारे एक गृहस्थ आहेत. कॉम्प्युटरवर गेम उघडायचा जुना लाँचर त्यांनी अजून जपलाय. नवा आपोआप बसू नये म्हणून दुपारी नेटची वायर काढून ते खेळतात आणि गिऱ्हाइकाला सांगतात, "नेट न्हाई. घंटाभरानं या."

"नव्यात काय वाईट आहे?" मी एकदा विचारलं.

"काहीच न्हाई. पण ह्याच्यात काय कुठंय, ते मला बराबर ठाऊक हाये."

परवा दुपारी एक मावशी आल्या. त्यांनाही नेट नसल्याचंच सांगून झालं. पण पेन्शनच्या अर्जाचा शेवटचा दिवस होता. गेम तसाच ठेवून गृहस्थांनी वायर लावली, मावशींचा अर्ज भरला. पावती निघेस्तोवर नवा लाँचर बसून पडद्यावर गृहस्थांनाच त्यांचं नाव विचारत होता.

"बरं झालं बाबा, नेट आलं," मावशी म्हणाल्या.

"हौ," ते म्हणाले, "आत्ताच आलं."