पूर्ण बाह्यांचा पोशाख

खालापुरात तहसील कचेरीमागच्या गल्लीत सिद्राचं शिलाई मशीन दुपारी अडीचला थांबतं, हे सगळ्या बायकांना ठाऊक होतं. त्या वेळी ब्लाउज मागायला कुणी जात नसे. "नवऱ्याशी बोलत असंल," म्हणून हसत. ती बोलते म्हणजे नेमकं काय करते, ते मात्र घरातल्यांनाच माहीत होतं. सिद्रा बंदुकीचा गेम उघडून बसायची.

झहीर दुबईला, एसी बसवायच्या कामावर. लग्नाला चार वर्षं झाली, त्यातले एकत्र काढलेले दिवस साडेतीन महिन्यांचे. तिकडून व्हॉट्सॲपवर कॉल लागत नाही. लिहायचं, नाहीतर आवाज भरून पाठवायचा. पण गेमचा माइक चालतो, हा शोध त्याच्या खोलीतल्या कुणीतरी लावला आणि झहीरने बायकोला गेम शिकवला. शेलूला माहेरी असताना तिने लगोरीचाही नेम कधी धरला नव्हता.

नवा खेळाडू गेममध्ये येतो तो बनियन आणि अर्ध्या चड्डीवर. पहिल्याच दिवशी सासू हवाबी चष्मा पुसून मोबाइलवर वाकली.

"ही कोण गं उघडी?"

"मी हाय, अम्मी."

"या अल्ला! आनी हे शंभर बाप्ये?"

नणंद अल्मास हसून हसून लादीवर आडवी झाली. ती अकरावीला होती आणि गेममधलं सगळं तिला कळत होतं. "भाबी, कपडे विकत घेशील तर भाईचा पगार त्यातच जाईल. फुकटची स्किन, म्हंजे पोशाख, मिळवायची. रोज हजेरी लाव, इव्हेंट कर. आनी फुकट स्किन देतो म्हननाऱ्या कुठल्या साइटवर पासवर्ड टाकू नको. आख्खी आयडी, म्हंजे गेममधलं खातंच, उडवतात."

सिद्राने नेटाने हजेरी लावली. सातव्या दिवशी मोजे आले, चौदाव्या दिवशी विजार, आणि महिन्याने एक राखाडी कोट. पूर्ण बाह्यांचा. त्याच्या खांद्याला शिवण नव्हती, हात वर केला तरी काखेत ओढ पडत नव्हती. असं बेतणं कुठल्याही शिंप्याला जमणार नाही, हे तिला दिसत होतं. तरी तो अंगावर चढला त्याच दिवशी ती झहीरशी पहिल्यांदा मोकळेपणी बोलली. तोवर मधे ते उघडे हात होते.

"जेवलात?" हा तिचा पहिला शब्द ठरलेला.

"डाळ. तू?"

"बोंबलाचं कालवण."

"मुद्दाम सांगतीस ना?"

"मुद्दामच."

विमानातून उडी टाकली की दोघं बेटाच्या टोकाला, पाण्याजवळच्या एका पत्र्याच्या खोलीत शिरायची. दार सिद्रा लावायची. मग बंदुका तशाच पाठीवर ठेवून दोघं भिंतीशी बसत. घरी गळणारा नळ, अल्मासचे मार्क, त्याच्या खोलीतल्या माणसांचं घोरणं, असलंच काहीबाही चालायचं. बाहेर कोण कुणाला मारतंय याचं त्यांना काही नव्हतं. हळूहळू खेळायच्या जागेभोवतीचं निळं कडं, झोन, आवळत यायचं. कड्याबाहेर राहणाऱ्याचा जीव थोडा थोडा कमी होत जातो, म्हणून बाकीचे आत पळत सुटतात. ही दोघं पळत नसत. बोलता बोलता मरायची.

"आपला संसार वीस मिन्टांचा," झहीर म्हणायचा, "पन भांडन नाय."

त्याच्या अंगात खाकी जॅकेट असे, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. सुट्टीवर आला की घरातही तो बाह्या तशाच दुमडायचा.

ईद गेली आणि त्याचं येणं विरळ झालं. आज साइटवर आहे, आज नेट नाही, आज डोकं दुखतंय. मग कारणंही बंद झाली. सिद्राच्या मेसेजला एकच टिक उमटायची आणि तशीच राहायची. हवाबीला मात्र त्याचा भरलेला आवाज येत होता. एकदा सिद्रा चहा घेऊन गेली तर हवाबी भिंतीकडे तोंड करून मोबाइल कानाशी धरून बसली होती. बांगड्यांचा आवाज आला तसा तिने अंगठ्याने झहीरला मधेच तोडलं.

"काय म्हनतात?"

"काय म्हननार? बरा हाय. कामात हाय."

"माझं काय इचारलं?"

"ठेव तो चहा. निवतोय."

सिद्राने चहा ठेवला.

तरी अडीचला ती गेम उघडायची. यादीत झहीरच्या नावापुढचा दिवा विझलेला, आणि खाली बारीक अक्षरांत किती दिवसांपूर्वी आला होता ते. बावीस. तेवीस. एकतीस. बत्तिसाव्या दिवशी पडद्यावर एक लाल झगा झळकला. अल्मासने मोठ्याने वाचलं, "महिनाभर न आलेल्या जुन्या मित्राला हाक मारा. तो परत आला तर दोघांनाही हा पोशाख फुकट."

यादीत बोलावण्यासारखं एकच नाव होतं.

"पाठव ना भाबी. भाईला फुकटचं आवडतं. त्यासाठी तरी येईल."

सिद्राला हसू आलं नाही. लाल रंग निकाहच्या दिवसाचा होता. झग्याला मनगटापर्यंत बाह्या होत्या, काठाला जर. लग्नाला चार वर्षं झालेल्या बायकोने नवऱ्याला बोलवायचं आणि मधे हा झगा बक्षीस लावायचा, याची तिला लाज वाटली. तिने बटण दाबलं.

चार दिवस काही झालं नाही. तिने बुरख्यासारख्या तीन अबाया शिवल्या, त्यातल्या एकीच्या बाह्या उलट्या लागल्या, त्या उसवल्या. पाचव्या दिवशी अडीचला गेम उघडला तर निरोप आला होता, 'तुमचा मित्र परतला आहे.' झहीरच्या नावापुढचा दिवा हिरवा होता. तिने भराभर झगा अंगावर चढवला आणि त्याला बोलावलं. तो आला. तिच्याशेजारी उभा राहिला. तेच खाकी जॅकेट, दुमडलेल्या बाह्या.

तिने माइक चालू केला.

"जेवलात?"

"हॅलो? कौन?"

कोवळा, अनोळखी आवाज. तिला वाटलं, खोलीतलं दुसरं कुणी असेल.

"झहीर हायेत काय तिथं? त्यांना द्या."

"मराठी का? ताई, मी नाशिककडचा. ही आयडी मी कालच विकत घेतलीय. जुन्या स्किन भारी आहेत ना हिच्यात."

"कुनी इकली?"

"दुबईवाल्या दादानं. म्हणाला, आता लागत नाही. लिस्टमधली सगळी नावं काढून टाक म्हणाला. मी काढलीसुद्धा. तुमचं तेवढं ठेवलं. तुमचं बोलावणं आलेलं होतं, स्किन मिळत होती. थँक्यू हां ताई."

सिद्रा पडद्याकडे बघत राहिली. खाकी जॅकेट श्वास घेत होतं, उगाच मान वळवत होतं. झहीरही असाच मान वळवायचा. म्हणजे तो नव्हे, हे जॅकेटच.

"एक मॅच खेळता का? मला पार्टनर नाहीये."

मॅच सुरू झाली. विमानातून तिने उडी टाकली ती बेटाच्या टोकाला. खाकी जॅकेट मागोमाग आलं. पत्र्याच्या खोलीत शिरून तिने दार लावलं आणि भिंतीशी बसली. लाल झगा लादीवर पसरला, पण चुरगळला नाही.

"इथं काय मिळतं ताई? एक गोळीसुद्धा नाही."

तो या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत उड्या मारत राहिला. आतल्या खोलीत हवाबीच्या मोबाइलवर काहीतरी वाजलं आणि लगेच थांबलं.

"ताई, झोन येतोय. चला. ताई? अहो, मराल तिथं!"

खिडकीत निळं दिसू लागलं होतं. खाकी जॅकेटने दार उघडलं आणि मैदानातून आत, गर्दीच्या दिशेने पळत सुटलं. एकदाही मागे वळलं नाही. दार सताड उघडं राहिलं.

सिद्रा उठली, दार लावून घेतलं, आणि परत आपल्या जागेवर जाऊन बसली.