इथं कापलं

आजवर कुणालाच सांगितलं नाही, बायकोलाही नाही. मला त्या माणसाचा हेवा वाटायचा.

भिंतीवरच्या सिनेमाच्या चित्रानं मध्येच उडी मारली की ते प्रोजेक्टरच्या उजेडात दोन बोटांची कैची धरायचे. चित्रावर भलीमोठी सावली. "इथं कापलं बरं का." मग कापलेला प्रसंग स्वतः सांगायचे.

तरुणपणी ते श्रामणेर, म्हणजे शिकाऊ बौद्ध भिक्खू, म्हणून श्रीलंकेत राहिलेले. परत आले, चीवर उतरवलं, नोकरी-संसार केला. निवृत्तीनंतर अकोल्याच्या जुन्या शहरात, आमच्या विहारात, रविवारी दुपारी जुने सिंहली सिनेमे दाखवू लागले, सिंहलीचं वऱ्हाडी करत. मद्रासच्या स्टुडिओत घडलेले काळेपांढरे सिनेमे. गाणी, ताटातूट, रडारड. तुम्हीही अशा माणसासमोर बसला असाल. पाच मिनिटांत आपण त्याचे होऊन जातो. मी झालो नाही.

मी कॉलेजात सिनेमा शिकवतो. मेलोड्रामा आणि सेन्सॉर यांवर माझी व्याख्यानं असत, श्रोते घड्याळ बघत. त्यांच्याकडे बाया पदरानं नाक पुसत. माझी बायको पहिल्या रांगेत. माझ्या व्याख्यानाला ती एकदाच आली होती, विणकाम घेऊन.

फार रडारड आहे यांत, असं मी म्हणालो तर ते हसले. "चुम्मा कापला, शिवी कापली. रडनं कोनाले कापता आलं, सर?"

एका सिनेमात मोलकरीण मालकानं अडकवून ठेवलेलं पोर मागायला जाते. दार उघडतं आणि चित्र उडतं. एकदम ती समुद्रकाठी, पोर कडेवर. ते सांगायचे, मालकानं पुढं केलेलं ताट सरकवून ती म्हणाली, "तुही भाकर तुले, माहा पोरगा मले." दर वेळी हुंदके.

एका रविवारी मी उभा राहिलो. लंकेत भाकर कुठली, विचारलं. हा तुकडा तुम्ही पाहिलाय का? खरं तर मला बायकोचे डोळे बघवत नव्हते.

बोटं तशीच धरून ते म्हणाले, "नाही पायला, सर. मी पायला तवा कापूनच होता."

पुढं कैचीची सावली तेवढी पडायची. ते बोलत नसत. बाया येईनाशा झाल्या.

गेल्या वर्षी ते वारले. प्रोजेक्टर आता मी चालवतो. परवा तोच सिनेमा लावला. दार उघडलं, चित्र उडालं. मागं न बघता बायको म्हणाली, "सांगा नं. इथं काय म्हनते ती?"

मला पाठ आहे. मी म्हणालो, इथं कापलंय.

त्यांची माफी आता मागता येत नाही. ते वाक्य त्याच भिंतीसमोर, त्यांच्याच बोलीत, बायकोला ऐकवणं माझ्याकडे बाकी आहे.