स्वतःच्याच चालीकडून हरलेला म्हातारा

मस्कतमध्ये अल् खुवैरला आमच्या वरच्या मजल्यावर एक फ्रेंच म्हातारा राहायला आला आणि मी घरात दवंडी पिटली, “अगं, आपल्या डोक्यावर सिनेमा नांदतोय!” त्याने उभा जन्म फ्रेंच चित्रपटांना संगीत दिलं होतं. बायको वारल्यावर पियानो विकून तो मुलीकडे मस्कतला आला होता. इथे त्याच्याजवळ होता फक्त एक की-बोर्ड.

मी लगेच पेटी उचलून वर गेलो. आमच्या मंडळाच्या जयंतीच्या कार्यक्रमात पेटीवर मीच असतो, तेव्हा माझा हक्कच होता! पहिल्या सुराला त्याने डोळे मिटले. म्हणाला, “हिलाही दम लागतो. माझ्यासारखाच.”

बऱ्याच वर्षांनी त्याला एक चित्रपट मिळाला होता, बहुधा शेवटचा. शेवटच्या प्रसंगात एक बाई घराच्या खिडक्या एकेक करून लावते आणि निघून जाते. त्या धंद्यात संकलन करताना कुठलं तरी जुनं संगीत तात्पुरतं चिकटवतात. नवं तयार झालं की ते काढतात. पॅरिसच्या तरुण दिग्दर्शकाने चिकटवलं होतं ते ह्याचंच, ऐन तारुण्यातलं.

“मीच मला आडवा आलोय,” म्हातारा म्हणाला.

“मग काय, कोणीही जिंकलं तरी तुम्हीच!” मी टाळी मागितली. त्यानेही दिली.

मग दर शुक्रवारी मी वर. तो चाल बांधायचा, मी पेटीवर सूर भरायचो आणि मनातल्या मनात फ्रान्समध्ये लाल गालिच्यावरून चालायचो. बायको म्हणायची, “अहो, सूट शिवायला टाकलात का? जाण्याआधी बेडरूमचा एसी तेवढा बघा.”

पॅरिसहून दर वेळी एकच उत्तर यायचं: सुंदर आहे, पण थोडं आधीसारखं हवं.

“आधीचं तुम्हीच केलंत ना?” मी एकदा चिडून विचारलं.

“तेव्हा शेजारच्या खोलीत बायको असायची. मध्येच ओरडायची, पुरे! आता कुठे थांबायचं तेच कळत नाही.”

चित्रपट पुरा झाला. मुलीने आम्हा नवरा-बायकोला वर बोलावलं. कहवा झाला, खजूर झाले, दिवे मालवले. बाई खिडक्या लावू लागली आणि वाजू लागलं ते जुनंच संगीत. पेटीचा एक सूर नाही. पाठोपाठ पडद्यावर त्याचं नाव आलं.

“पप्पा, किती सुंदर केलंत!” मुलीने टाळ्या वाजवल्या. म्हातारा उठला आणि रंगमंचावर वाकतात तसा वाकला. मीही टाळ्या पिटल्या.

“अहो, तुमची पेटी कुठंय?” बायको कुजबुजली. मी तिचा हात दाबला.

पुढच्या शुक्रवारी सवयीने पेटी घेऊन वर गेलो. की-बोर्डवर इस्त्रीच्या कपड्यांची चळत होती.

“वाजव,” तो म्हणाला.

मी आमची चाल धरली. ती अर्ध्यावर आली असेल नसेल, त्याने हात वर केला.

“पुरे.”

मी भाता मिटला.